उखळ, बिजागरी आणि मांडी

आमच्या चेंबुरांत पाटावरची पंगत आतां क्वचितच दिसते. घरोघरीं मेज-खुर्ची आली, आणि वडील माणसांस 'तुम्ही उठूं नका, सर्व हातांत देतों' असें सांगण्याची चाल पडली. हेतु उत्तम खरा. परंतु सांध्याचा धर्म निराळा आहे.

सुश्रुतानें शारीरस्थानांत 210 संधि मोजले, त्यांचे चेष्टावंत व स्थिर असे भेद केले आणि आकारावरून आठ प्रकार सांगितले. नांवें कशीं घरगुती पाहा: उलूखल म्हणजे उखळ, सामुद्ग म्हणजे डबीसारखा, तुन्नसेवनी म्हणजे शिवण, जबड्याचा तर वायसतुंड, कावळ्याची चोंच! कवटीच्या हाडांची शिवण आजहि कोणास पटेल. मात्र खांदा, खुबा आणि दांत हे तिन्ही त्यानें उलूखलांतच घातले. आकारानें तें बरोबर. पण दांत उखळांत रुतून बसतो, खुब्यांतलें मुसळ चहूंकडे फिरतें.

आजचे शारीरज्ञ गतीकडे अधिक पाहतात. कोपर बिजागरी, आंगठ्याच्या मुळाशीं खोगीर, मानेंत खुंटी. आपण 'होय' म्हणतों तें कवटी व पहिला मणका यांच्या सांध्यानें, 'नाहीं' म्हणतों तें पहिल्या-दुसऱ्या मणक्यांच्या सांध्यानें. गुडघा मुख्यतः बिजागरीच. मांडी घालतांना सारे श्रम त्याचेच असें आपण समजतों; वस्तुतः मांडी बाहेर वळते ती खुब्यांत. खुबा आखडला कीं पीळ गुडघ्यावर येतो, आणि बोलहि त्यासच लागतो.

हाडांच्या टोंकांवरील कूर्चेस रक्तवाहिन्या नसतात. सांध्यांतील द्रवच तिचें पोषण करतो. सुश्रुतानें या स्नेहास आंसाच्या वंगणाची उपमा दिली आहे. दाब पडला कीं द्रव कूर्चेंतून निघतो, सुटला कीं पुन्हां शिरतो. हालचालच नसेल तर ही ये-जा मंदावते. दुखरा हात महिनोन्महिने पोटाशीं धरणाऱ्याचा खांदा आखडतो. मग सदऱ्याची बाही आणि वेणीचा पेड दोन्ही परस्वाधीन! म्हणून देवाचीं उपकरणीं आजोबांचीं त्यांनाच घासूं द्यावींत.

सांधा सुजला, तापला, किंवा पडण्यानें दुखावला तर मात्र आधीं डॉक्टर. गुडघा खरोखर झिजलेल्यांस पाटाचा आग्रह मुळींच नको. खुर्चींतच पाय सरळ करावा, क्षणभर धरावा, सोडावा. आणि चेंबूर स्थानकाच्या पुलावरून येतांना कठडा धरावा, विशेषतः उतरतांना. गुडघ्यास उतरणच अधिक जड जाते.