यादवी युद्ध आणि बिशप जोसेफ हॉल

इंग्लंडांतील यादवी युद्ध आमच्या वर्गांत शिकविलें जातें तें राजा पहिला चार्ल्स व पार्लमेंट यांचें भांडण म्हणून. मार्स्टन मूर (१६४४) व नेझ्बी (१६४५) या लढायांचीं सालें पाठ झालीं, १६४९ सालीं राजाचा शिरच्छेद झाला, कीं धडा संपला. परंतु यादवी ही रणांगणापेक्षां घरांत अधिक शिरते. हें ज्यास पाहावयाचें असेल त्यानें नॉर्विचचे बिशप जोसेफ हॉल यांनीं १६४७ सालीं लिहिलेली आपली हकीकत वाचावी, असें आम्हांस वाटतें.

हॉलसाहेब स्वभावानें भांडखोर नव्हते. १६२७ सालीं ते एक्झेटरचे बिशप झाले, तेव्हां ते प्युरिटन लोकांस फार सवलत देतात अशी आर्चबिशप लॉड यांच्या पक्षाची तक्रार होती. पुढें १६४० सालीं त्याच लॉडसाहेबांच्या सांगण्यावरून त्यांनीं बिशपांच्या अधिकाराचें समर्थन करणारा ग्रंथ लिहिला, आणि पुढच्या वर्षीं कवि मिल्टन यांची जळजळीत लेखणी त्यांच्यावर उठली. मध्यें उभा राहणारा मनुष्य दोहों बाजूंनीं मार खातो.

तथापि त्यांच्या हातून चूक झालीच नाहीं, असें आम्ही म्हणणार नाहीं. डिसेंबर १६४१ मध्यें जमावाच्या भीतीनें बिशपांस लॉर्डांच्या सभेंत जातां येईना. तेव्हां बारा बिशपांनीं, आमच्या गैरहजेरींत झालेलें सर्व काम रद्द समजावें, अशा निषेधपत्रावर सह्या केल्या. त्यांत हॉल होते. हें अविचाराचें कृत्य होय. राजद्रोहाचा आरोप येऊन ३० डिसेंबरच्या कडाक्याच्या थंडींत रात्रीं त्यांची टॉवरच्या तुरुंगांत रवानगी झाली. पांच हजार पौंडांच्या जामिनावर मे १६४२ मध्यें ते सुटले व नॉर्विचला गेले.

तेथें १६४३ सालीं जप्ती आली. घरांतील लांकडी ताटें व मुलांचीं चित्रेंसुद्धां यादींतून सुटलीं नाहींत. अंगावरील वस्त्रांचीहि किंमत व्हावयाची, परंतु एक आल्डरमन व एक शेरिफ यांनीं हरकत घेतली म्हणून तीं वांचलीं. पुढें कॅथीड्रलच्या खिडक्या फुटल्या, ऑर्गनच्या नळ्या उपटून बाजारांत मिरविल्या गेल्या. वाड्यांतील प्रार्थनामंदिराच्या कांचांवर जुन्या बिशपांचीं चित्रें होतीं. तीं आक्षेपार्ह ठरतांच हॉलसाहेबांनीं त्यांचीं फक्त मस्तकें काढवून घेतलीं; धडांचा कोणास राग येणार नाहीं, असा त्यांचा हिशेब! अशा प्रसंगीं ज्यास विनोद सुचतो त्याचें आम्हांस कौतुक वाटतें.

हें वाचून एखादा विद्यार्थी प्युरिटनांस राक्षस समजेल, तर तें चूक होईल. १६३७ सालीं याच राज्यांत बिशपांविरुद्ध लिहिल्याबद्दल तिघा प्युरिटनांचे कान कापले गेले होते. त्या शिक्षेची आठवण लोकांच्या मनांत होती. ज्यानें कान कापले नव्हते त्याच्या घरचीं ताटें मोजलीं गेलीं, एवढेंच. यादवींत ऋण एकाचें असतें व वसुली दुसऱ्याकडून होते.

आमच्या मतें या हकीकतींतील खरीं मोठीं माणसें वेगळींच आहेत. गुडविन नांवाच्या एका बाईंनीं, हॉल कुटुंबास पूर्वीं पाहिलेंहि नसतांना, त्या सामानाची सर्व किंमत भरण्याची तयारी दाखविली, आणि सोडविण्याची ऐपत येईपर्यंत तें त्यांच्याच घरांत राहूं दिलें. ग्रंथसंग्रहासाठीं एका धर्मोपदेशकानें स्वतःचा रोखा लिहून दिला. शेवटीं वाडा खालीं करण्याची वेळ आली, तेव्हां शेजारच्या एका विधुर गृहस्थानें आपलें घर मोकळें करून दिलें. नाहीं तर वृद्ध बिशप व त्यांची पत्नी रस्त्यावर आलीं असतीं. परीक्षेंत यांच्याविषयीं प्रश्न येत नाहीं. पालकांनीं तरी घरीं मुलांस यांच्याविषयीं विचारावें.

पुढें हॉलसाहेब नॉर्विचबाहेर हायम येथें लहानशा घरांत राहिले. उत्पन्न बुडालें असतांहि गांवांतील गरीब विधवांस दर आठवड्यास कांहीं पैसे देण्याचा त्यांचा क्रम अखेरपर्यंत चालू होता. ८ सप्टेंबर १६५६ रोजीं, वयाच्या ८३ व्या वर्षीं, ते वारले. देवाचें मंदिर हें थोर संतांच्याहि देहांची जागा नव्हे, असें त्यांनीं मृत्युपत्रांत लिहून ठेविलें होतें. तरी लोकांनीं त्यांस हायमच्या देवळांतच पुरलें. तें देऊळ १६४३ च्या नव्हे, १९४२ च्या युद्धांत बाँबनें पडलें. आतां त्याचा मनोरा तेवढा उभा आहे.