‘अपूर्ण’ कोणाला म्हणावे?

तृतीय वर्ष कला (मराठी)

कवकशास्त्रातल्या एका संज्ञेविषयी मी वार्षिक अंकात लिहिणार आहे हे कळल्यावर आमच्या वर्गात बरीच करमणूक झाली. कवक म्हणजे बुरशी, आणि बुरशीशी कला शाखेचा संबंध फार तर पावसाळ्यात कपाटातल्या चपलांपुरता, हे खरेच. पण ज्या शब्दाविषयी लिहावयाचे आहे तो मुळात भाषेचा प्रश्न आहे. तो विज्ञान शाखेच्या इमारतीत उभा राहिला म्हणून मराठीच्या विद्यार्थिनीने त्याच्याकडे पाठ फिरवावी, असे थोडेच आहे?

तो शब्द ‘अ‍ॅनामॉर्फ’. त्याच्या जोडीचा दुसरा शब्द ‘टेलिओमॉर्फ’, आणि या दोघांना पोटात घेणारा तिसरा ‘होलोमॉर्फ’. तिन्ही ग्रीक शब्दांवरून घडवलेले; हेनेबर्ट व वेरेसब या दोन कवकशास्त्रज्ञांनी १९७७ साली ते सुचवले. अर्थ फार अवघड नाही. पुष्कळशा बुरशा दोन तऱ्हांनी आपला वंश वाढवतात. एक तऱ्हा अगदी सरळ : बुरशीच्या तंतूंच्या टोकाशी बीजाणू तयार होतात, ते सुटतात, वाऱ्यावर जातात आणि जिथे पडतील तिथे रुजतात. लिंबावर धरलेली ती हिरवी भुकटी म्हणजे हेच बीजाणू. या अलैंगिक रूपाला अ‍ॅनामॉर्फ म्हणावयाचे. दुसऱ्या तऱ्हेत लैंगिक संयोग होतो, त्यातून निराळ्याच घडणीचा अवयव तयार होतो आणि त्यात निराळेच बीजाणू पिकतात. हा टेलिओमॉर्फ. आणि दोन्ही मिळून त्या बुरशीचे जे समग्र आयुष्य, तो होलोमॉर्फ.

एवढेच असते तर लिहावयाचे कारण नव्हते. अडचण अशी की ही दोन रूपे एकमेकांसारखी मुळीच दिसत नाहीत. ती वेगळ्या ऋतूंत, वेगळ्या जागी, कधी कधी तर वेगळ्या वनस्पतींवर सापडतात. आणि कित्येकदा त्यांतले दुसरे रूप वर्षानुवर्षे कोणाला सापडतच नाही. मग ज्याला जे दिसले त्याने त्याला नाव दिले. एकाच जीवाची दोन नावे झाली, क्वचित तीनही.

आपल्याला हे समजायला मराठीतलाच दाखला पुरेसा आहे. ‘जातो’ आणि ‘गेला’ ही दोन रूपे मराठी न येणाऱ्या माणसापुढे ठेवली तर ती एकाच क्रियापदाची आहेत असे त्याला सात जन्मांत वाटणार नाही. ‘येतो’ आणि ‘आला’ यांचेही तेच. आपण मात्र कोशात ‘जाणे’ या एका शब्दाखाली दोन्ही पाहतो. ‘गेला’ला वर्तमानकाळ नाही म्हणून ते ‘अपूर्ण क्रियापद’ आहे असे कोणा वैयाकरणाने म्हटले तर आपण हसू. कवकशास्त्रात नेमके हेच झाले, आणि कोणी हसले नाही.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर फ्रान्समध्ये त्युलान बंधूंनी दाखवून दिले होते की एकच बुरशी अनेक रूपे धारण करते. १८६१ ते १८६५ या काळात निघालेले त्यांचे तीन खंड आजही चित्रांसाठी नावाजले जातात. तरीही ज्यांचे लैंगिक रूप माहीत नाही अशा हजारो बुरशा उरल्याच. त्यांच्यासाठी एक स्वतंत्र कप्पा करण्यात आला आणि त्याला लॅटिनमध्ये नाव मिळाले ‘फंगाय इम्परफेक्टाय’, म्हणजे अपूर्ण कवके. पुढे ‘ड्यूटेरोमायसिटीज’ असेही नाव आले. त्यातल्या ‘ड्यूटेरो’चा अर्थ दुसरे, म्हणजे आपल्या बोलीत दुय्यम. इटलीच्या साकार्दोने १८८२ पासून सर्व ज्ञात बुरशांची जी प्रचंड सूची छापायला घेतली, तिच्यात या कप्प्यातली मांडणी बीजाणूंचा रंग, आकार आणि त्यांतले पडदे पाहून केली होती. ग्रंथालयात पुस्तके पुठ्ठ्याच्या रंगावरून लावावीत तशातला हा प्रकार. पुस्तक सापडते, पण शेजारच्या पुस्तकाशी त्याचे नाते काय ते कळत नाही.

माझा आक्षेप मांडणीला नाही, शब्दाला आहे. अपूर्ण होते ते आपले ज्ञान, आणि शिक्का बसला बुरशीवर! संयोग झाला तो पूर्ण, न झाला तो अपूर्ण, हा निवाडा सूक्ष्मदर्शकात दिसलेला नव्हता. तो माणसाने घरातून बरोबर नेलेला होता. आमच्या नात्यात एक आत्या आहेत. त्यांनी लग्न केले नाही, बत्तीस वर्षे शाळेत गणित शिकवले, दोन भावांची घरे उभी केली. तरी त्यांचा विषय निघाला की मंडळी म्हणतात, “बाकी सगळे झाले हो, एवढे एकच राहिले.” हे वाक्य आणि ‘फंगाय इम्परफेक्टाय’ हे नाव मला एकाच कारखान्यातले वाटते.

शिवाय ज्यांना अपूर्ण म्हटले त्यांची यादी तर पाहा. लॅटिनमधल्या ‘कुंचला’ या अर्थाच्या शब्दावरून जिचे नाव पडले ती पेनिसिलियम. तिच्या जोरावर पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्सच्या कारखान्यात १९५५ पासून पेनिसिलिन तयार होऊ लागले. त्या कुळातली औषधाच्या उत्पादनात वापरली जाणारी पेनिसिलियम क्रायसोजेनम ही जात वर्षानुवर्षे अलैंगिकच समजली जात होती. तिचा लैंगिक संयोग प्रयोगशाळेत घडवून आणल्याचे प्रसिद्ध झाले २०१३ मध्ये. तोपर्यंत वाचलेल्या रोग्यांना औषधात काही कमतरता जाणवली असेल असे वाटत नाही.

गव्हावरच्या काळ्या तांबेऱ्याची कथा तर याहून बोलकी आहे. युरोपात या बुरशीच्या आयुष्याचा एक भाग गव्हावर आणि एक भाग बार्बेरी या काटेरी झुडपावर जातो. हे आपल्या दारुहळदीच्या कुळातले झाड. बार्बेरीवरच्या रूपाचे नाव ईसिडियम, गव्हावरच्या तांबड्या भुकटीचे युरेडो, काळ्या भुकटीचे पक्सिनिया! ही सारी एकच बुरशी, हे जर्मनीच्या द बारीने १८६५ मध्ये प्रयोगाने सिद्ध केले. शेतकऱ्यांचा संशय त्याच्या पुष्कळ आधीचा होता. अमेरिकेतल्या कनेक्टिकट वसाहतीने १७२६ मध्येच बार्बेरी उपटण्याचा कायदा केला होता. पण भारतात गंमत निराळी आहे. आग्र्याच्या के. सी. मेहता यांनी दाखवून दिले की आपल्याकडे बार्बेरीचा या रोगाशी व्यवहारात संबंध नाही. तांबेरा उन्हाळाभर थंड डोंगराळ भागांत तग धरतो आणि तिथून त्याचे बीजाणू मैदानातल्या गव्हावर येतात. म्हणजे आपल्या शेतात येणारा तांबेरा त्या तांबड्या अलैंगिक भुकटीच्या बळावरच पिढ्यान्‌पिढ्या चालला आहे. त्याला अपूर्ण म्हणण्याचे धाडस ज्याचा गहू गेला तो शेतकरी तरी करणार नाही.

आता दुहेरी नावांकडे वळू. १९१० च्या ब्रुसेल्सच्या वनस्पतिशास्त्र परिषदेपासून या प्रथेला नियमाचे रूप मिळाले. अलैंगिक रूपाला वेगळे नाव चालेल. मात्र लैंगिक रूप सापडले की समग्र बुरशी त्या लैंगिक रूपाच्या नावाने ओळखली जाईल. या नियमाची ओळख आपल्या मुलींना कोणी करून द्यावयास नको. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिले जाते आणि त्या दिवसापासून जुने नाव शाळा सोडल्याच्या दाखल्यापुरते उरते.

अ‍ॅस्परजिलस फ्युमिगेटस या बुरशीच्या बाबतीत हे अक्षरशः घडले. अ‍ॅस्परजिलस हे नाव इटलीच्या मिकेलीने १७२९ मध्ये दिलेले; चर्चमध्ये तीर्थ शिंपडण्याचे जे साधन असते त्याच्यासारखा तिचा आकार त्याला दिसला. फ्युमिगेटस ही जात फ्रेसेनियसने १८६३ मध्ये वर्णिली. माणसाच्या फुप्फुसाला ग्रासणारी म्हणून ती डॉक्टरांना चांगली ठाऊक होती, पण एकशे सेहेचाळीस वर्षे तिला अलैंगिकच मानले गेले. मग २००९ मध्ये संशोधकांनी डब्लिनमध्ये मिळालेल्या तिच्या वाणांची जोडी ओटच्या पिठाच्या खाद्यावर अंधारात, ३० अंश सेल्सिअसला, सहा महिने ठेवली, आणि संयोग झाला. लगेच नवे नाव आले : निओसार्टोरिया फ्युमिगेटा. जगभरच्या रुग्णालयांत जी बुरशी एका नावाने नोंदली जात होती तिचे कागदोपत्री लग्न लागले.

सुदैवाने हा संसार फार टिकला नाही. जनुकांची तुलना करून नाते ठरवता येऊ लागल्यावर, लैंगिक रूप पाहिल्याशिवाय बुरशीचे कूळ कळत नाही हे जुने कारणच संपले होते. एप्रिल २०११ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमला कवकशास्त्रज्ञ ‘एक कवक, एक नाव’ या घोषणेखाली जमले. त्याच वर्षी जुलैमध्ये मेलबर्नच्या परिषदेने नियम बदलला, आणि १ जानेवारी २०१३ पासून प्रसिद्ध होणाऱ्या नावांना दुहेरीपणाची मुभा उरली नाही. लैंगिक रूपाच्या नावाचा मान आपोआप वरचा, हेही संपले. फ्युमिगेटस माहेरच्या नावाने नांदू लागली. भाताच्या करप्याची बुरशीही मॅग्नापोर्थे हे नाव सोडून पायरिक्युलेरिया या आपल्या जुन्या, अलैंगिक रूपाच्या नावावर आली. सर्वत्र असेच झाले असे मात्र नाही. द्राक्षावरच्या भुरीचे ओइडियम हे नाव मागे पडले आणि लैंगिक रूपाकडून आलेले एरिसायफी टिकले. मला यात अन्याय दिसत नाही. कोणते नाव टिकावे हे ज्याच्या त्याच्या प्रकरणात ठरावे, रूपाच्या प्रतिष्ठेवरून ठरू नये, एवढेच.

जुन्या पद्धतीची बाजू मांडणारेही होते, आणि त्यांचे म्हणणे मला पोरकट वाटत नाही. शेतात उभ्या असलेल्या रोगतज्ज्ञाला जे दिसते ते अ‍ॅनामॉर्फच. त्याला आज दुपारी नाव सांगावयाचे असते. जनुकांची तपासणी होईपर्यंत पीक थांबत नाही. म्हणूनच नावे एक झाली तरी अ‍ॅनामॉर्फ आणि टेलिओमॉर्फ हे शब्द टाकून देऊ नयेत असे माझे मत आहे. ते आता नावे नाहीत, रूपांची वर्णने आहेत, ‘भूतकाळी रूप’ म्हणावे तशी. टेलिओमॉर्फमधल्या ‘टेलिओ’तही पूर्णत्वाचा जुना वास आहे, हे मी जाणून आहे, पण तो ग्रीकमध्ये झाकलेला आहे, आणि निदान त्याच्या जोडीदाराला कोणी अपूर्ण म्हणत नाही.

मराठीत मात्र तो झाकलेला नाही. आपल्या पुस्तकांत ‘धानी कवके’, ‘गदा कवके’ अशी रूपावरून घडवलेली चांगली नावे आहेत, आणि त्यांच्याच पंक्तीला ‘अपूर्ण कवके’ बसली आहेत. खरे तर आपल्या शेतकऱ्याने या बाबतीत जास्त संयम दाखवला आहे. तांबडा दिसला तो तांबेरा, पान करपले तो करपा, भुरकट थर आला ती भुरी. या नावांनी शास्त्र चालणार नाही हे उघड आहे. करपा दहा पिकांवर असतो आणि दर वेळी बुरशी तीच असते असे नाही. पण त्यांतल्या एकानेही बुरशीची पायरी ठरवलेली नाही. तेव्हा परिभाषा घडवणाऱ्यांनी सरळ ‘अलैंगिक रूप’, ‘लैंगिक रूप’ आणि ‘समग्र रूप’ म्हणावे. ते जड वाटले तर अ‍ॅनामॉर्फ हाच शब्द नागरीत लिहावा. ‘स्टेशन’ पचवलेल्या भाषेला तो जड जाणार नाही.

आपल्या वनस्पतिशास्त्र विभागात नमुन्यांच्या कपाटाच्या तिसऱ्या फळीवर ‘अपूर्ण कवके’ अशी पिवळी पडलेली चिठ्ठी अजून आहे. विभागातील प्राध्यापकांची परवानगी असेल तर नवी चिठ्ठी लिहून द्यायला मी तयार आहे. माझे अक्षर बरे आहे.