विलंबित अपील व वादग्रस्त कराची वसुली

॥ श्री ॥



आपल्या न्यासास मागील एका वर्षाच्या प्राप्तिकराची मागणी-सूचना आली होती, हे वार्षिक सभेत आपण ऐकलेच आहे. सूचना माजी खजिनदारांच्या ई-मेलवर गेली आणि आमच्या दृष्टीस पडेपर्यंत अपिलाची मुदत टळली होती. दोष आमचाच. हिशेबतपासणी वेळेत झाली होती. परंतु नमुना १० बी मुदतीत दाखल झाला नाही, एवढ्यावरून कलम ११ ची सूट नाकारली गेली व अन्नदानाच्या देणग्याही करपात्र ठरल्या. (मध्य प्रदेश सार्वजनिक न्यास अधिनियम, १९५१ खाली नोंदणी असली की करातून सुटका, हा इंदुरातील जुन्या संस्थांतला समज निराधार आहे.)

अशा जुन्या वर्षांस लागू असलेल्या प्राप्तिकर अधिनियम, १९६१ च्या कलम २४९ नुसार सूचना मिळाल्यापासून ३० दिवसांत आयुक्त (अपील) यांच्याकडे दाद मागावी लागते. पुरेसे कारण असल्यास ते विलंब माफ करू शकतात. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली कातिजी प्रकरणात याबाबत उदार दृष्टी ठेवावी असे सांगितले आहे. तथापि केवळ ‘नजरचूक’ लिहून भागत नाही. तारीखवार हकिकतीचे शपथपत्र जोडावे.

याहून मोठा गैरसमज वसुलीविषयी आहे. अपील दाखल झाल्याने वसुली आपोआप थांबत नाही. कलम २२०(६) खाली करनिर्धारण अधिकाऱ्याकडे स्वतंत्र अर्ज करावा लागतो, आणि तो अपील दाखल झाल्यावरच करता येतो. विलंबाची खरी झळ येथे बसते. मधल्या काळात बँक खाते गोठू शकते, परतावा वळता होऊ शकतो, दरमहा एक टक्का व्याज चढते. ३१ जुलै २०१७ च्या केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या सूचनेनुसार स्थगितीसाठी सामान्यतः वादग्रस्त रकमेच्या २० टक्के भरावे लागतात. पूर्वी ते १५ होते. मात्र त्याहून कमी रकमेवरही स्थगिती देता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली स्पष्ट केले. अन्नछत्राची शिल्लक किती, हे अर्जात आकड्यांनिशी मांडणे म्हणूनच अगत्याचे.

वस्तू व सेवा कराची रीत उलट आहे. ज्या न्यासांची दुकाने भाड्याने आहेत त्यांनी हे ध्यानी ठेवावे. तेथे वादग्रस्त कराचे १० टक्के भरून अपील केले की उर्वरित वसुली आपोआप थांबते. पण तीन महिने व माफीचा एक महिना उलटला, तर अपील अधिकाऱ्यास विलंब माफ करण्याचा अधिकारच उरत नाही.

नमुना १० बी च्या विलंबासाठी आणखी एक मार्ग आहे. मंडळाच्या १८ नोव्हेंबर २०२४ च्या परिपत्रकानुसार ३६५ दिवसांपर्यंतचा विलंब आयुक्त माफ करू शकतात, त्यापुढील विलंब मुख्य आयुक्त. करनिर्धारण वर्ष संपल्यापासून तीन वर्षांनंतरचे अर्ज मात्र स्वीकारले जात नाहीत. आपण अपिलासोबत हाही अर्ज केला असून निर्णय व्हावयाचा आहे. दोन्हींच्या प्रती कार्यालयात सायंकाळच्या आरतीनंतर पाहावयास मिळतील.

आपला विनम्र,
सचिव