गोळीच्या पाकिटातील कागद

गर्भनिरोधक गोळीच्या पाकिटात घडी घालून ठेवलेला बारीक अक्षरांचा कागद पुष्कळ घरांत न वाचताच टाकून दिला जातो. या कागदासाठी अमेरिकेतील स्त्रियांना सिनेटच्या सुनावणीत उभे राहून ओरडावे लागले होते.

१९६० मध्ये ‘एनोव्हिड’ या गोळीला तेथील औषध प्रशासनाने संततिनियमनासाठी मान्यता दिली. मूल केव्हा व्हावे, याचा निर्णय बऱ्याच अंशी गृहिणीच्या हाती आला. शिक्षण व नोकरी यांचा विचार तिला निश्चिंतपणे करता येऊ लागला. परंतु त्या गोळीतील इस्ट्रोजेनचे प्रमाण आजच्या मानाने फार मोठे होते. काहींच्या रक्तवाहिन्यांत गुठळ्या झाल्या, काही दगावल्या. हा धोका घेणारीला मात्र क्वचितच सांगितला जाई.

१९६९ मध्ये बार्बरा सीमन या लेखिकेने त्यावर पुस्तक लिहिले. ते वाचून सिनेटर गेलॉर्ड नेल्सन यांनी जानेवारी १९७० मध्ये सुनावणी लावली. तेथे तज्ज्ञ बोलत होते. गोळी घेणाऱ्या स्त्रियांना साक्षीसाठी बोलावलेच नव्हते. तेव्हा प्रेक्षकांत बसलेल्या अ‍ॅलिस वुल्फसन व त्यांच्या मैत्रिणी उठून प्रश्न विचारू लागल्या. त्याच वर्षी पाकिटात माहितीपत्रक घालणे बंधनकारक झाले. रुग्ण घाबरतील, डॉक्टरांच्या अधिकारात ढवळाढवळ होईल, अशी ओरड आमच्या व्यवसायबंधूंनी केली आणि मूळ मसुद्याला बरीच कात्री लागली. माझ्या मते त्यांना रुग्णाच्या घाबरण्यापेक्षा तिने प्रश्न विचारण्याचीच धास्ती अधिक होती.

पुढे प्रश्न विचारणाऱ्या स्त्रियाच डॉक्टर होऊ लागल्या. १९७० च्या सुमारास अमेरिकी वैद्यकीय विद्यार्थ्यांत त्या जेमतेम दहांत एक होत्या. २०१९ मध्ये निम्म्याहून अधिक झाल्या. घराबाहेर इतके बदलले, तरी संततिनियमनाचा भार बहुतांशी तिच्यावरच राहिला, हेही नोंदवलेच पाहिजे.

आपल्या घरातील पाकिटात तो कागद असल्यास वाचावा. वय पस्तिशीपुढे असून धूम्रपान, उच्च रक्तदाब, किंवा डोळ्यांपुढे चमकणाऱ्या रेषा येऊन उठणारी अर्धशिशी असेल, तर ही गोळी सुरू करण्यापूर्वी डॉक्टरांना सांगावे. रक्तदाब व अशी अर्धशिशी तर कोणत्याही वयात सांगावी. गोळी चालू असता एका पोटरीला सूज व वेदना, अचानक धाप किंवा छातीत कळ आल्यास दुसऱ्या दिवसाची वाट न पाहता रुग्णालय गाठावे.