ऋणाच्या वाटेनें गेलेलीं राज्यें

सप्टेंबरची १७ तारीख उजाडली म्हणजे मराठवाड्यांत गांवोगांव झेंडे लागतात, आणि भोकरदन तालुक्यांतील केदारखेड्यासारख्या गांवींही १९४८ सालच्या मुक्तीचें स्मरण होतें. हें योग्यच आहे. परंतु त्याच महिन्याच्या २३ तारखेस, १८०३ सालीं, याच टापूंत आसईच्या रणांगणावर जें घडलें त्याची आठवण आमच्यांतील किती जणांस होते? एक दिवस पारतंत्र्य संपल्याचा, दुसरा तें दृढ झाल्याचा. रोग कोणत्या वाटेनें शरीरांत शिरला हें ज्यास ठाऊक नाहीं, त्यानें बरें झाल्याचा उत्सव कितीही थाटानें केला तरी त्याची प्रकृति निर्धास्त आहे असें कोणी वैद्य म्हणणार नाहीं.

आसईस जनरल वेलस्लीनें दौलतराव शिंदे व नागपूरकर रघूजी भोसले यांच्या सैन्याचा मोड केला. सुमारें शंभर तोफा इंग्रजांच्या हातीं पडल्या. पण त्यांचींही दीड हजारांहून अधिक माणसें ठार व जखमी झालीं. तेव्हां उणीव शौर्याची नव्हती. उणीव होती ती एकीची. पेशव्यांचे व म्हैसूरचे स्वार त्या दिवशीं इंग्रजांच्या बाजूस उभे होते, आणि शिंद्यांच्या कवायती पलटणी पोलमन नांवाच्या एका भाडोत्री हॅनोवरकराच्या हुकुमांत होत्या. डिसेंबरांत देवगांवचा तह झाला. भोसल्यांनीं कटक सोडलें आणि वर्धेच्या पश्चिमेकडील वऱ्हाडही सोडलें. तें वऱ्हाड इंग्रजांनीं निजामाच्या पदरांत टाकिलें. येथवरची कथा तलवारीची. खरा बोध पुढें, वहींत आहे. आणि आमचे बहुतेक वाचक व्यापारी असल्यामुळें ती वही त्यांस आमच्यापेक्षां चांगली वाचतां येईल.

निजामानें १७९८ सालीं तैनाती फौज पत्करली, आणि तिच्या खर्चासाठीं १८०० सालीं म्हैसूरकडून मिळालेला मुलूख कंपनीस तोडून दिला. व्यवहार येथेंच मिटावयाचा. परंतु रसेल हा रेसिडेंट असतां निजामाच्याच पैशानें, पण इंग्रज अंमलदारांच्या हुकुमांत, आणखी एक फौज उभी राहिली. तहांत जिचा आधार नव्हता ती ही 'कंटिंजंट'. जालन्याची छावणी आमच्या वडीलधाऱ्यांच्या बोलण्यांत येते, ती याच काळची खूण. या फौजेचे पगार चुकते करण्यासाठीं दिवाण चंदुलाल यांनीं पामर आणि कंपनी या पेढीकडून जबर व्याजानें कर्ज काढिलें; १८२० चें एकच कर्ज साठ लाखांचें होतें. १८२३ सालीं कंपनीनें हें देणें वारलें. पण त्या बदल्यांत उत्तर सरकारांबद्दल निजामास दरसाल मिळणारा सात लाखांचा पेशकश कायमचा बुडाला. फौज मात्र तशीच राहिली, आणि देणें पुन्हा चढूं लागलें. अखेर १८५३ सालीं वऱ्हाड, धाराशिव व रायचूर दुआब कंपनीच्या ताब्यांत गेले. पुढें १८६० सालीं शेवटचे दोन परत मिळाले. वऱ्हाड मिळालें नाहीं. १९०२ सालीं दरसाल २५ लाखांवर त्याचा कायमचा पट्टा लिहून घेतला. निजामानें पुढें वऱ्हाड परत मागितलें, तेव्हां १९२६ सालीं व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांनीं कळविलें कीं, ब्रिटिश सत्तेचें श्रेष्ठत्व केवळ तहनाम्यांवर अवलंबून नाहीं. म्हणजे ऋणकोस बांधावयास दस्तऐवज, आणि धनकोस बांधावयाची वेळ आली म्हणजे दस्तऐवज गौण! जें वऱ्हाड आसईच्या तोफांनीं दिलें, तें पन्नास वर्षांनीं एकही गोळी न झाडतां गहाणखतानें नेलें.

वाचक विचारतील, हें जुनें दप्तर आतां कशास उघडावें? तर एवढ्यासाठीं कीं, हीच वही पुढें आफ्रिका खंडांत उघडली गेली. ट्युनिसच्या तिजोरीवर १८६९ सालीं युरोपियन सावकारांचें मंडळ बसलें, आणि १८८१ सालीं फ्रेंच फौज आली. इजिप्तच्या खेदिव इस्माईलनें १८७५ सालीं सुवेज कालव्याचे आपले १,७६,६०२ भाग सुमारें ४० लाख पौंडांस इंग्लंडास विकले. पुढच्याच वर्षीं कर्जवसुलीची परकी कचेरी कायरोंत आली. १८७९ सालीं इस्माईलची गादी गेली, आणि १८८२ सालीं देशच इंग्रजांनीं व्यापिला. त्या स्वारींत हिंदी पलटणीही होत्या, हें लिहितांना आम्हांस खेद होतो. १८८४–८५ सालीं बर्लिनच्या परिषदेंत युरोपियन राष्ट्रांनीं या खंडाच्या वांटणीचे नियम ठरविले. ज्यांची भूमि त्यांचा एकही प्रतिनिधि तेथें नव्हता. नायजेरियांत लुगार्ड यानें अमीरांस गादीवर ठेवून लगाम आपल्या हातीं घेतला, आणि १९२२ सालीं त्या पद्धतीचें तत्त्वज्ञान ग्रंथांत मांडिलें. हैदराबादची प्रजा ही पद्धति सवाशें वर्षें भोगीत होती.

पुढें स्वातंत्र्य आलें. १९५७ सालीं घाना सुटला. १९६० या एका वर्षांत सतरा देश स्वतंत्र झाले. परंतु परक्यांनीं आंखलेल्या सीमा तशाच राहिल्या. त्या मोडूं गेल्यास घरोघर युद्धें पेटतील या भयानें १९६४ सालीं कायरो येथें आफ्रिकी राष्ट्रांनीं त्याच मान्य केल्या. फ्रेंच अमलांतून सुटलेल्या कित्येक देशांस आपल्या परकी गंगाजळीचा मोठा हिस्सा अनेक दशकें पॅरिसच्या खजिन्यांत ठेवावा लागला. तांब्यावर जगणाऱ्या झांबियाचें, तांब्याचा भाव १९७५ च्या सुमारास पडतांच, कर्जावांचून चालेना. २०२० सालीं त्यास हप्ता चुकवावा लागला, आणि २०२२ सालीं घानानेंही परकी देणीं थांबविलीं. झेंडा बदलला म्हणजे वही बदलतेच असें नाहीं.

यावर कोणी म्हणेल कीं, दोष त्या त्या राज्यकर्त्यांच्या उधळेपणाचा. सावकारास कां बोल लावावा? आक्षेपांत तथ्य आहे, आणि तें आम्ही लपवूं इच्छीत नाहीं. इस्माईल उधळा होता; चंदुलालच्या कारभारांत मुलुखाचा वसूल मक्त्यानें विकला जात असे, आणि त्या व्याजावर धष्टपुष्ट झालेल्या पेढ्यांत एतद्देशीय पेढ्याही होत्या. परंतु कर्ज काढणारा एक, त्यांतून पगार खाणारा दुसरा, आणि फेडणारा कुणबी तिसरा, अशी ही तऱ्हा होती. फेडणाऱ्यास वही कधीं कोणीं दाखविली नाहीं. आमच्या मतें पारतंत्र्याचें मूळ येथें आहे. कर्ज वाईट नव्हे. विहीर खणण्यास, बी-बियाणें घेण्यास, पेढी वाढविण्यास कर्ज लागतेंच. वाईट तें कर्ज, ज्याचा हिशेब देणाऱ्यास विचारतां येत नाहीं.

आपणही या संकटापासून दूर आहों असें कोणी समजूं नये. १९९१ सालीं या स्वतंत्र देशास सुमारें ४७ टन सोनें इंग्लंड व जपान येथील मध्यवर्ती बँकांकडे तारण ठेवावें लागलें. तें सोनें आपण सोडविलें. वऱ्हाड सुटलें नव्हतें. हा भेद दैवानें घडविला नाहीं. एके ठिकाणीं लोकांस जाब देणारें सरकार होतें, दुसऱ्या ठिकाणीं नव्हतें.

म्हणून मुक्तिदिनीं झेंड्यास वंदन करून घरीं परतणाऱ्या प्रत्येकास आमची एक विनंति आहे. आपल्या ग्रामसभेस जावें, गांवचा जमाखर्च मागावा, तो मोठ्यानें वाचवून घ्यावा, आणि न समजलेल्या प्रत्येक रकमेवर बोट ठेवावें. जो समाज आपल्या ग्रामपंचायतीची वही वाचीत नाहीं, तो राज्याची काय वाचणार? आसईस गेलेलें शौर्यानें परत मिळालें. वहींत गेलेलें वही वाचल्यावांचून राहणार नाहीं.