लुगडं नेसणारा गडी

निखिल चोप्रा हे गोव्यात राहणारे कलावंत. वेश पालटत, चित्र काढत ते पुरुषपणाची आणि ओळखीची चौकट स्वतःच्या देहावर तपासतात. २०१९ साली न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात त्यांचा प्रयोग नऊ दिवस चालला. चंद्रपूर-गडचिरोलीच्या झाडीपट्टीत मात्र ही वाट फार जुनी आहे. इथल्या दंडार या लोकनाट्यात शेतात राबणारा गडी लुगडं नेसून स्त्री उभी करतो आणि गाव त्याला मनापासून दाद देतं. गडचिरोलीतल्या वडशाच्या नाटक मंडळ्यांत मात्र आता स्त्रिया काम करतात. २०२३ साली इथले नाट्यकलावंत परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा झाडीपट्टीकडे देशाचं लक्ष गेलं. आता दंडारीतल्या स्त्रीपार्टी नटांच्या मुलाखती, त्यांच्याच बोलीत, चित्रित करून ठेवायला हव्यात.