मनीषाची मोनिषा



२५ ऑक्टोबर २०२५ रोजी नट सतीश शाह गेले. दुसऱ्या दिवशी रविवार होता. आमच्या घरी त्या दुपारी जेवणाची भांडी मोरीत तशीच राहिली आणि आम्ही चौघे मोबाईल पोळीच्या डब्याला टेकवून 'साराभाई वर्सेस साराभाई' या हिंदी मालिकेचे जुने भाग पाहत बसलो. थोरल्या मंडळींना १९८४ सालची दूरदर्शनवरची 'ये जो है जिंदगी' आठवत असेल. तिच्यात हाच माणूस दर भागात वेगळे सोंग घेऊन येत असे. १९८३ च्या 'जाने भी दो यारों'मध्ये त्यांनी केलेले प्रेतसुद्धा जिवंत माणसांपेक्षा जास्त हसवून गेले. परंतु माझ्या वयाच्या लोकांना ते लक्षात आहेत ते इंद्रवदन साराभाई म्हणून.

ही मालिका नोव्हेंबर २००४ मध्ये तेव्हाच्या 'स्टार वन' वाहिनीवर सुरू झाली आणि २००६ मध्ये संपली. लेखक आतिश कपाडिया, दिग्दर्शक देवेन भोजानी. त्या काळी घरोघरी 'क्योंकि सास भी कभी बहू थी'चे राज्य होते, त्यामुळे साराभाईंकडे पहिल्या वेळी फारसे कोणी वळले नाही. नंतर पुन्हा पुन्हा दाखवली गेली तेव्हा लोकांच्या तोंडी बसली, आणि २०१७ साली तीच माणसे घेऊन तिचा दुसरा भाग इंटरनेटवर आला. मुंबईतल्या कफ परेडची उंच इमारत, समोरासमोर दोन फ्लॅट. एकात सासू-सासरे आणि धाकटा मुलगा, समोरच्यात थोरला मुलगा आणि सून. नाव कसे, तर कोर्टाच्या बोर्डावर लागावे तसे. वादी साराभाई, प्रतिवादीही साराभाई. मी कारकून माणूस, आयुष्य फायलींत गेले. मला ते नाव वाचूनच हसू आले होते, की ज्या दाव्यात दोन्ही पक्षकारांचे आडनाव एकच, त्याचा निकाल कधी लागायचा नाही.

या घरात खलनायक नाही. कोणी कोणाच्या दुधात काही मिसळत नाही, कोणी जिन्यावरून ढकलत नाही, मृत्युपत्र चोरत नाही. तरीही घर बिघडलेले आहे. आणि ते कशाने बिघडले आहे हे माणसामाणसाचा स्वभाव पाहिल्याशिवाय कळत नाही, म्हणून आज हा विषय घेतला.

सासू माया. हे काम रत्ना पाठक शाह यांनी केले आहे. (गंमत अशी, की याच मंडळींच्या २००२ च्या 'खिचडी' मालिकेतली हंसा करणाऱ्या सुप्रिया पाठक या त्यांच्या सख्ख्या बहीण. दीना पाठक यांच्या या दोन मुली. एकीने अतिशहाणी बाई उभी केली, दुसरीने शहाणपणाशी काडीमोड घेतलेली.) माया कधी ओरडत नाही, भांडी आपटत नाही. साडीची घडी मोडत नाही आणि आवाजाची पट्टीही. तुम्ही आम्ही पाहिलेल्या खाष्ट सासवा निदान ओळखू तरी येत. त्यांच्या आवाजानेच शेजारच्या चार खोल्यांना कळे की आज काय बिनसले आहे. मायाचे तसे नाही. ती सुनेला गोड हाक मारते, हसते, मग तिच्या पडद्याचा रंग, तिच्या स्वयंपाकाची पद्धत, तिने बाजारातून आणलेली वस्तू, तिचा एखादा शब्द, यातले एक उचलते आणि त्यावर शिक्का मारते. 'मिडल क्लास'. एवढेच. शिवी नाही, हात उगारणे नाही. तक्रार करायची तर काय करायची?

या शिव्यांचा राग मला मालिका पहिल्यांदा पाहिली तेव्हाच आला होता. आता थोडा शांतपणे विचार केला तर राग कशाचा होता ते कळते. मध्यमवर्ग म्हणजे आपल्यापैकी अनेकांच्या घराण्यात दोन पिढ्या चढून गाठलेली पायरी. आजोबा गिरणीत, गोदीत नाहीतर साफसफाईच्या खात्यात. मग वडील रात्रशाळेत. मग मुलगा किंवा मुलगी तृतीय श्रेणीत लागते, वस्तीत पेढे वाटले जातात, कपाट येते, हप्त्यावर फ्रिज येतो. ज्या पायरीवर पाऊल ठेवले म्हणून आई डोळे पुसते, तीच पायरी कफ परेडच्या बाईच्या जिभेवर शिवी आहे. आणि आपण ती शिवी ऐकून खो खो हसतो. हसावे की नाही हा प्रश्न नाही, हसू येतेच. लिहिणाऱ्याने ते मायाकडे वळवले आहे, हे त्याचे कसब. पण ते नेहमी तिच्याकडेच वळते असेही नाही, त्याकडे पुढे येतो.

सुनेचे खरे नाव मनीषा. मनीषा सिंग, नोएडाची पंजाबी मुलगी. मायाला 'मनीषा' हे नाव फारच सर्वसाधारण वाटले, म्हणून तिने तिला 'मोनिषा' केले. एक काना आणि एक मात्रा, हस्व-दीर्घाचा फरक, बस्स. मालिकेत हा विनोद आहे आणि तो चांगला आहे. परंतु मी आस्थापना शाखेत बसतो, मला तो विनोद पुरता पचत नाही. लग्नानंतर सुनेचे नाव बदलायची रीत आपल्या मुलखात कितीतरी घरांत होती, अजूनही आहे. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर 'मनीषा', रेशनकार्डावर दुसरेच, बँकेच्या पुस्तकात तिसरे. नवरा वारला की ती बाई कुटुंब निवृत्तिवेतनाचे कागद घेऊन टेबलासमोर उभी राहते आणि तिला सिद्ध करावे लागते की या तिघी म्हणजे मीच. प्रतिज्ञापत्र करा, राजपत्रात जाहिरात द्या, पुन्हा या. सासरच्या कुणाला कधीकाळी एक नाव गोड वाटले नाही, त्याची वसुली तीस वर्षांनी अशी होते. भगिनींनो, कागद एकदा काढून पाहा. नावे जुळत नसतील तर नवरा धडधाकट असतानाच दुरुस्त करून घ्या.

आता सासरे इंद्रवदन. वरवर पाहता सुनेचा मोठा पाठीराखा. तिच्या घरी जाऊन बसतात, तिच्या बाजूने बोलतात, तिच्याबरोबर खोड्या करतात. सतीश शाह यांनी हे इतके लोभस केले आहे की असा सासरा प्रत्येकीला मिळावा असे वाटते. पण नीट पाहा. ते सुनेची बाजू घेतात ती तिच्यावर अन्याय होतो म्हणून थोडी आणि बायकोला डिवचायला मिळते म्हणून जास्त. सुनेच्या खांद्यावर बंदूक, नेम बायकोवर. अशी माणसे आपल्यातही आहेत. घरात भांडण लागले की एकाच्या बाजूला जाऊन बसतात, ते त्याच्यावरच्या प्रेमापोटी नव्हे तर दुसऱ्याशी जुना हिशेब असतो म्हणून. ज्याची बाजू घेतली त्याला वाटते आपल्याला आधार मिळाला. भांडण संपल्यावर आधार उठून चहा प्यायला गेलेला असतो.

धाकटा मुलगा रोसेश. हा माणूस मला मालिकेत सर्वात जास्त हसवतो आणि त्याचीच मला सर्वात जास्त कीव येते. चमत्कारिक आवाज, तोंडात सतत 'मॉमा', नाटकात काम करायची हौस आणि कविता. त्या कविता ऐकून भिंतीचे पोपडे पडावेत. राजेश कुमार यांनी हे सोंग असे वठवले आहे की दुसरे कोणी तिथे कल्पनेतही बसत नाही. आई त्याची प्रत्येक ओळ डोक्यावर घेते. बाप प्रत्येक ओळीची टर उडवतो. आई सहसा म्हणत नाही की बाळा, ही जमली नाही. बाप सहसा म्हणत नाही की ही बरी आहे. मग त्या पोराला आपली उंची कळावी कुठून? दोघांनी मिळून त्याला मोठेच होऊ दिलेले नाही. आणि खरे सांगायचे तर दोघांचे आपसातले भांडण त्याच्याच डोक्यावर चालते. आईने त्याला आपला केला, म्हणून बापाने तो परका केला.

थोरला साहिल, म्हणजे मराठी रंगभूमीवरही परिचित असलेले सुमीत राघवन. प्लॅस्टिक सर्जन. लोकांचे चेहरे दुरुस्त करतो. घरात सर्वांत शहाणा तोच, आणि सर्वांत कमी उपयोगाचाही तोच. तो चांगला आहे, प्रेमळ आहे, बायकोची थट्टा करतो तीही मायेने. परंतु आई शिक्का मारते तेव्हा तो कपाळाला हात लावतो, दोघींना समजावतो, पुन्हा कपाळाला हात लावतो. 'आई, हे बोलायचे नाही' एवढे वाक्य तो ठामपणे म्हणाला असता तर मालिका चार भागांत आटोपली असती, हे मान्य. पण मालिका चालावी म्हणून आपल्या घरात गप्प बसायचे कारण नाही. बाकी विजेची उपकरणे दिसली की सुटणारा जावई दुष्यंत आणि ऐकू न येणारे मधुसूदन फुफा यांच्याबद्दल काही लिहीत नाही. ती निव्वळ मौज आहे, ती पाहायचीच.

राहिली मोनिषा. रुपाली गांगुली. पै-पैचा हिशेब, सेलची खरेदी, एकावर एक फुकट, मालिकांचे वेड, पसारा. मघाशी म्हटले की हसू नेहमी मायाकडेच वळत नाही, ते इथे. काटकसर करणारी बाई म्हणजे गबाळी बाई, हे जे समीकरण मालिकेने मांडले ते मला पटत नाही. दहा बाय बाराच्या खोलीत, दिवसातून एकदा येणाऱ्या पाण्यावर, पितळेचे डबे आरशासारखे ठेवणाऱ्या बाया मी पाहिल्या आहेत. माझी आई त्यांतली. त्यांच्यासारखी काटकसर कफ परेडमध्ये कोणाला सात जन्मांत जमणार नाही. लेखकाला काटकसर आणि अस्वच्छता एकाच पिशवीत भरायला सोपी गेली, एवढेच.

पण मोनिषाचा एक गुण असा की त्यापुढे हे सगळे माफ. ती लाजत नाही. माया रोज सांगते की तू कमी आहेस, आणि मोनिषा दुसऱ्या दिवशी तितक्याच आनंदाने येऊन सांगते की बघा, मला अमुक वस्तू किती स्वस्तात मिळाली. तिला अपमान कळतो की नाही, यावर त्या रविवारी आमच्या घरी वाद झाला. मुलगी म्हणाली, "तिला कळतच नाही, म्हणून ती खूश असते." आमच्या सौभाग्यवती भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "कळतं गं तिला. रोज रोज मनाला लावून घ्यायला वेळ कुणाला आहे?"

मग मुलगी माझ्याकडे वळली. "पप्पा, आपल्या घरात माया तुम्ही आहात."

मी म्हटले, "मी? मी काय केलं?"

"आईला 'फिरीज' म्हणाली म्हणून हसला होतात. ते तुमच्या ऑफिसमधले काका आले होते तेव्हा."

मला आठवेना. दोन वर्षे झाली असतील. मग आठवले. पाहुणे आले, हिने विचारले, फिरीजमधलं पाणी देऊ का साधं, आणि मी हसत हसत म्हणालो, "फ्रिज म्हण गं, फिरीज काय." पाहुणेही हसले. मी थट्टेत म्हणालो होतो. माझ्या मते त्यात काही नव्हते. मी बी.कॉम. झालेला, ही सातवीपर्यंत शिकलेली, चार ठिकाणी भाषणे करणारा माणूस मी, आणि घरात एक शब्द सुधारला तर काय बिघडले, असेच मला त्या दिवशी वाटले असणार. हिने तेव्हाही काही म्हटले नव्हते आणि त्या रविवारीही म्हटले नाही. "माया निदान साड्या तरी चांगल्या नेसते," एवढे बोलून उठली आणि मोरीतली भांडी घासायला बसली. मुले हसली, मीही हसलो.

त्यानंतर पंधरा दिवसांनी तेच स्नेही पुन्हा घरी आले. मी आणि ते बाहेर बोलत बसलो होतो. ही आतच होती. थोड्या वेळाने तिचा आवाज आला, मुलीला सांगत होती, "त्यांना विचार, पाणी गार देऊ का साधं."